ओहोटीतला शेवटचा शॉट

शमाल परवा दुपारी आला. उत्तरेकडून येणाऱ्या या वाऱ्याला बहरीनमध्ये कुणी नुसतं 'वारं सुटलंय' म्हणत नाही. त्याला नाव आहे, येण्याची तऱ्हा आहे, आणि माझ्यावर त्याचा जुना राग आहे. पहिल्याच झपाट्यात त्यानं आमच्या जिदहफ्समधल्या घराच्या गच्चीवरची माझी चौकड्याची लुंगी उचलली. ही तिसरी. आधीच्या दोन व्हिसाशिवाय कतारला पोचल्या आणि तिथं कुणाच्या तरी दोरीवर सुखानं वाळत असणार. जुबैदाचं, म्हणजे माझ्या बायकोचं, म्हणणं असं की लुंगी शेजारच्या गच्चीत पाण्याच्या टाकीमागं पडली आहे आणि उचलून आणायचा मला कंटाळा आहे. बाईला भूगोल कळत नाही.

आठ महिने हा देश भट्टीत असतो. मग एका दुपारी हे वारं येतं आणि माणसं एकदम पेट्या उघडून स्वेटर शोधू लागतात. डांबरगोळ्यांचा वास घेऊन लोक कामावर येतात. अरब मंडळी वाळवंटात तंबू ठोकतात, शुक्रवारी सगळं कुटुंब शेकोटीभोवती बसतं. तुबलीतल्या आमच्या गॅरेजात स्पॅनर हाताला झोंबतो, आणि खाडीकडून ओल्या वाळूचा, कुजक्या शेवाळाचा एक वास येतो. बाकीच्यांना तो वास नकोसा वाटतो. मला तो आला की तोंड कडू होतं. वासाचा दोष नाही. पाच-सहा वर्षांपूर्वी असाच हिवाळा होता आणि त्या हिवाळ्यात मी एका फ्रेंच नटाची सावली होतो.

आता हे वाक्य मी या बेटावर इतक्या वेळा उच्चारलं आहे की लोक ऐकण्याआधीच हसतात. माझा लौकिकच तसा आहे. मनामाच्या बाजारात मी एकदा एका शेखाच्या ससाण्याला मराठीतून दम दिला आणि तो मान खाली घालून बसला, हे मी सांगितलंय. आमच्या दाभोळच्या खाडीत मी नऊ वर्षांचा असताना मगरीच्या पाठीवर पाय देऊन पलीकडं गेलो, हेही सांगितलंय. ससाण्याबद्दल थोडी शंका घ्यायला माझी हरकत नाही. मगर मात्र... जाऊ द्या, तेही सोडा. पण फ्रेंच नट होता. त्याचं नाव एमील. आडनाव लिहीत नाही. ते लिहायचा हक्क मी गमावला आहे.

युद्धात पेटलेल्या कुवेतच्या तेलविहिरींचा काळा धूर निवून दोन-तीन हिवाळे झाले होते. झल्लाकच्या किनाऱ्यावर फ्रेंच सिनेमावाले उतरले. चाळीस माणसं, दोनशे पेट्या, स्वतःचा आचारी, आणि एक असं चीज की ते उघडलं की समुद्र चार पावलं मागं सरायचा. आमच्या अरबाबानं, म्हणजे गॅरेजच्या मालकानं, त्यांना भाड्यानं दिलं ते असं : पाच जीप, एक जनरेटर आणि मी. माझी नेमणूक जीपा चालू ठेवण्यासाठी होती. तिसऱ्या दिवशी त्यांच्या असिस्टंट बाईनं मला वरपासून खालपर्यंत पाहिलं, मग लांब खुर्चीत बसलेल्या एका म्हाताऱ्याला पाहिलं, मग पुन्हा मला. तीच उंची, तीच किंचित वाकलेली पाठ, तीच लांब मान. बाईनं मला हाताला धरून एका दगडापाशी उभं केलं आणि हलू नकोस म्हणाली.

त्या कामाला स्टँड-इन म्हणतात. नटानं जिथं उभं राहायचं तिथं आधी तुम्ही उभं राहायचं. तुमच्यावर दिवे लावतात, पडदे सरकवतात, टेप लावून कॅमेऱ्यापासून तुमच्या नाकापर्यंतचं अंतर मोजतात. उजेड नीट बसेपर्यंत उन्हात तास-दीड तास जातो. मग कुणीतरी ओरडतं, तुम्ही बाजूला व्हायचं, आणि खरा माणूस येऊन तुमच्या जागेवर उभा राहतो. उजेडाचा रंग कळावा म्हणून मला एमीलसाहेबांसारखाच दुसरा कोट आणि दुसरी लाल टोपी शिवून दिली होती. हे काम मला जड गेलं नाही. आम्ही बाहेरून आलेले सगळेच इथं दुसऱ्याच्या जागी उभे असतो. जागा नीट लागली की बाजूला व्हायचं असतं. फक्त त्याला एवढा चांगला कोट मिळत नाही.

एमीलसाहेब चाळीस वर्षं सिनेमात होते आणि चाळीस वर्षं दुसरे होते. इन्स्पेक्टर होते, डॉक्टर होते, नायकाचे थोरले भाऊ होते, नायिकेला नको असलेले नवरे होते, मृत्युपत्र वाचून दाखवणारे वकील होते. शॉटच्या मधल्या वेळात आम्ही जीपमध्ये बसायचो, कारण बाहेर वाळू डोळ्यांत जायची. त्यांचं इंग्रजी मोडकं, माझं गॅरेजचं. दोन मोडक्या गाड्या एकमेकींना ढकलत नेतात तसं आमचं बोलणं चालायचं. ते सांगायचे की मध्यंतराआधी ते इतक्या वेळा मेले आहेत की त्यांच्या बायकोनं सिनेमाला येणंच सोडलं. तिचं तिकीट अर्धं वाया जायचं. मी सांगितलं की आमच्याकडं अशा नवऱ्याला बायका घरीच ठेवतात. हे त्यांना फार आवडलं.

पण सेटवर हा माणूस आला की तरुण नट उठून उभे राहायचे. दिग्दर्शक पोरगेलासा होता, केस मागं बांधलेला, सगळ्यांवर गुरकावणारा. तोही त्यांच्याशी आवाज खाली आणून बोलायचा. मला आधी कळेना, एवढा मान कशाचा. मग एकदा जेवणाच्या टेबलाचा शॉट होता. नायक रडतो. मी आधी तासभर खुर्चीत बसून उजेड लावून दिला, मग कोपऱ्यातून बघत उभा राहिलो. नायक रडू लागला आणि एमीलसाहेबांनी बशीकडं पाहिलं. बस. रिकाम्या बशीकडं. सगळ्या माणसांचे डोळे नायकाकडं गेले. नंतर जीपमध्ये मी विचारलं, तर म्हणाले, मी जर त्याच्याकडं बघितलं असतं तर लोकांनी मला बघितलं असतं, म्हातारा काय करतो म्हणून. मी बशी बघितली म्हणून त्याचे अश्रू दिसले. ही त्यांची कला. आयुष्यभर ते दुसऱ्याचे अश्रू दिसावेत म्हणून बशी बघत आले होते, आणि जाणकारांना ते माहीत होतं. बाकी जगाला त्यांचा चेहरा ओळखीचा वाटायचा आणि नाव आठवायचं नाही.

माझा मित्र डॉमनिक, वसईचा, तिथल्याच हॉटेलात रूम सर्व्हिसला होता. तो मला आतल्या बातम्या द्यायचा. नायकाच्या खोलीतून रोज नवी तक्रार. एमीलसाहेबांच्या खोलीतून फक्त इस्त्रीची मागणी. कोटाला इस्त्री ते स्वतः करायचे. "ओ कासमभाई," डॉमनिक म्हणाला, "तुमचा म्हातारा सकाळी उजाडायच्या आत बीचवर जातो नि एकटा चालतो. जातो, परत येतो, परत जातो. येडा झालाय काय?"

वेडे नव्हते. ते शेवटच्या शॉटची तयारी करत होते.

सिनेमाची गोष्ट अशी. सत्तर-ऐंशी वर्षांपूर्वी पॅरिसचा एक तरुण व्यापारी मोती घ्यायला बहरीनला येतो. त्याच्याबरोबर एक म्हातारा दुभाष्या असतो. तो बोलतो ते हा अरबीत सांगतो, अरब बोलतात ते हा फ्रेंचमध्ये सांगतो. हा दुभाष्या म्हणजे एमीलसाहेब. शेवटी मोत्यांचा धंदा बुडतो, व्यापारी बोटीत बसून निघून जातो, आणि दुभाष्या मागं राहतो. ओहोटी लागलेली असते. समुद्र आत गेलेला, तळ उघडा पडलेला, सूर्य बुडत आलेला. दुभाष्या त्या उघड्या तळावरून चालत जातो, लहान लहान होत जातो, ठिपका होतो. सिनेमा संपतो.

एमीलसाहेबांनी ते मला जीपमध्ये सांगितलं तेव्हा बाहेर शमाल काचांवर वाळू फेकत होता.

"कासम, चाळीस वर्षांत मी शेवटच्या शॉटमध्ये कधीच नव्हतो. त्याच्या आधीच मी मेलेला असतो, नाहीतर गाडीत बसून गेलेला असतो. लोक घरी जाताना मला बरोबर नेत नाहीत. या वेळी नेतील."

ती चाल त्यांनी बांधली होती. बांधली म्हणजे आपल्याकडं गवई चीज बांधतो तशी. म्हणायचे, हा माणूस जन्मभर मालकाच्या अर्धं पाऊल मागं, डाव्या बाजूला चालला आहे, कान पुढं करून. त्यामुळं डावा खांदा खाली. आता पुढं कुणी नाही. पण पायांना ते माहीत नाही. ते अजून कुणासाठी तरी जागा सोडून पडतात. स्टँड-इन म्हणून मला ती चाल शिकणं भागच होतं, कारण कॅमेऱ्यावाल्यांनी माझ्यावरून अंतरं लावून ठेवायची होती. चार सकाळी ते मला घेऊन चालले. माझा खांदा हातानं दाबून खाली करायचे. मला चिखलातलं चालणं येत होतं, दाभोळच्या ओहोटीत तिसऱ्या, म्हणजे शिंपल्या, वेचून माझं बालपण गेलं. त्यांना तेवढंच माझ्याकडून शिकायला मिळालं, की ओल्या तळावर टाच आधी टेकवू नये. पॅरिसच्या मोठ्या नटाला मी चालायला शिकवलं, हे मी नंतर बाजारात जरा फुगवून सांगितलं. पण त्यात बीज खरं आहे.

इथं एक जुनी गोष्ट सांगायला हवी, म्हणजे माझा स्वभाव कळेल. शाळेच्या गॅदरिंगला मला पोस्टमनचं काम होतं. तार द्यायची आणि निघून जायचं, एवढंच. टाळ्या पडेनात म्हणून मी तार फोडली, मोठ्यानं वाचली, वर चार वाक्यं मनाची घातली आणि नायकाच्या बापाला दोन प्रवेश आधीच मारून टाकलं. बाप विंगेत दाढी चिकटवत उभा होता. मास्तरांनी मला हेडमास्तरांच्या खोलीत नेलं, पण मला आठवतात त्या टाळ्या. शंभर टाळ्या होत्या. बरं, चाळीस.

ओहोटी आणि सूर्यास्त एका वेळेला पंधरवड्यातून दोन-तीन दिवसच येतात. त्यातले पहिले दोन शमालनं खाल्ले; हवेत एवढी धूळ की सूर्य तांब्याच्या पैशासारखा दिसायचा. तिसऱ्या दिवशी वारं पडलं आणि आकाश धुतल्यासारखं झालं. त्याच्या दुसऱ्या दिवशी सगळ्यांची विमानं होती. म्हणजे शॉट आजच, आणि एकदाच. एकदा चालून गेलं की ओल्या तळावर पावलं उठणार, दुसरा टेक नाही.

दुपारपासून मी कोट-टोपी घालून उजेडासाठी उभा होतो. सौदीला जाणाऱ्या पुलाचे दिवे चौकटीत येत होते म्हणून कॅमेरा चारदा हलवला. एमीलसाहेब जेवून मागं खजुरींच्या आड तंबूत पडले होते. तंबू चालत दहा मिनिटांवर. जनरेटरच्या आवाजापासून दूर म्हणून त्यांनीच मागून घेतला होता. सूर्य हातभर वर राहिला तेव्हा असिस्टंट बाईनं मला त्यांना बोलवायला पाठवलं.

पुढचं मी लोकांना कसं सांगत आलो, ते आधी लिहितो. मी तंबूत गेलो. म्हातारा माणूस खुर्चीत झोपलेला, तोंड किंचित उघडं, हात पोटावर. आमच्या घरात जेवून डोळा लागलेल्या वडीलधाऱ्या माणसाला कुणी उठवत नाही. माझ्या बापाला उठवायला नको म्हणून आम्ही एकदा दारात आलेल्या तहसीलदाराला तासभर अंगणात बसवला होता. संस्कार, दुसरं काय. मी हळूच दोन हाका मारल्या, ते उठेनात, माझा पाय निघेना, मी परत आलो. दिग्दर्शकानं सूर्याकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं आणि म्हणाला, तूच चाल. बघा, नशिबानं मला ढकललं. हे ऐकून लोक हसतात, संस्कारांबद्दल दोन चांगले शब्द बोलतात, चहा येतो.

आता जसं होतं तसं.

मी तंबूत गेलो तेव्हा एमीलसाहेब झोपलेले होते, हे खरं. मी हाक मारली नाही, पण वाळू पायाखाली वाजली असणार. त्यांनी डोळे उघडले. माझ्या अंगावर त्यांचाच कोट, डोक्यावर त्यांचीच टोपी. एक क्षण त्यांना बहुधा आरशात बघितल्यासारखं वाटलं असेल.

"वेळ झाली?" त्यांनी विचारलं.

"अजून अवकाश आहे, साहेब," मी म्हणालो. "पडा निवांत. मी येतो ना बोलवायला."

त्यांनी विश्वासानं डोळे मिटले. ते कसे मिटले, ते मी कुणाला सांगू शकत नाही. एरवी माझ्याकडं सांगायला शब्द कमी पडत नाहीत.

का केलं? मला विचारू नका, मी स्वतःला विचारून दमलो आहे. पैशासाठी नाही, त्याचे वेगळे काही मिळणार नव्हते. त्यांच्यावर राग नव्हता. त्या बेटावर माझ्या खांद्याला मायेनं हात लावणारा तो एकच परका माणूस होता. पण पाच आठवडे मी रोज त्या जागेवर उभा राहिलो होतो आणि दर वेळी उजेड नीट बसला की कुणीतरी ओरडलं होतं आणि मी बाजूला झालो होतो. त्या दिवशी मला बाजूला व्हायचं नव्हतं. एवढंच. एवढ्यासाठी मी एका माणसाची चाळीस वर्षं घेतली.

परत येऊन मी सांगितलं की दोनदा हाका मारल्या, उठत नाहीत. बाई तंबूकडं पळायला निघाली. दिग्दर्शकानं तिला थांबवलं. सूर्य पाण्याला टेकायला आला होता. तो फ्रेंचमध्ये काहीतरी फार वाईट बोलला आणि माझ्याकडं बोट केलं.

आणि मी चाललो. ते कसं होतं, ते सांगतो, कारण इतकं पाप करून निदान तेवढं तरी माझं असावं. समोर सगळा तळ तांबडा. मागं चाळीस माणसं आणि एकाचाही आवाज नाही. गार चिखल बोटांतून वर येतोय, दूर कुठंतरी मच्छीमारांच्या सापळ्याच्या काठ्या पाण्यात उभ्या. डावा खांदा खाली, कुणासाठी तरी जागा सोडून पाय. मध्ये एका खळग्यात पाय गेला आणि मी थांबलो. पडायच्या बेतात होतो, सावरलो, आणि सावरताना क्षणभर उजवीकडं वळून बघितलं. तिथं काहीच नव्हतं, पायाखालचा दगड बघत होतो. मग पुढं चालत राहिलो, शिट्टी होईपर्यंत. त्या सबंध वाटेवर मी कुणाच्या जागी उभा नव्हतो, असं मला वाटत होतं. खरं तर तेव्हाइतका मी दुसऱ्याच्या जागी कधीच नव्हतो.

वळलो तेव्हा वाळूच्या उंचवट्यावर एमीलसाहेब उभे होते. अंगात कोट, डोक्यावर टोपी. तयार होऊन आले होते.

मी गुडघ्यापर्यंत भिजून वर आलो तोवर सगळे त्यांच्याभोवती जमले होते. दिग्दर्शक हात हलवून बोलत होता. आमचा अरबाबही होता; निरोपाच्या जेवणाला त्याला बोलावलं होतं. बाईनं मला बघितलं आणि इंग्रजीत, सगळ्यांना ऐकू जाईल असं, म्हणाली की याला मी वेळेवर पाठवलं होतं, हा म्हणतो दोनदा हाका मारल्या. सगळे माझ्याकडं बघू लागले. एमीलसाहेबांनी 'नाही' एवढं म्हणायची खोटी, अरबाबानं मला तिथंच 'खलास' सांगितलं असतं. व्हिसा गेला, नोकरी गेली, जुबैदा आणि पोरांना आणून वर्षही झालं नव्हतं, त्यांचं सामान बांधायचं.

एमीलसाहेबांनी माझ्याकडं पाहिलं नाही. ते खाली वाळूकडं बघत होते.

"दोनदा मारल्या," ते म्हणाले. "मी उठलो नाही. म्हातारपण."

मी बाईला काय सांगितलं होतं ते त्यांना आत्ता, तिच्या तोंडून कळलं होतं. मी टाकलेलं खोटं वाक्य त्यांनी जसंच्या तसं उचललं आणि इतकं साधं म्हटलं की कुणाला शंका आली नाही. लोक पांगले. दिग्दर्शकानं त्यांच्या पाठीवर हात ठेवला, जसा आजाऱ्याच्या ठेवतात. चाळीस वर्षांत वेळेला न उठल्याचा पहिला ठपका, आणि तोही त्यांनी स्वतःच्या हातानं लावून घेतला.

मग आम्ही दोघंच राहिलो. मी कोट काढून त्यांच्यापुढं धरला. माफ करा म्हणालो, मराठीतून म्हणालो.

"खांदा बरोबर होता," ते म्हणाले. मग समुद्राकडं बघत, "मध्ये थांबलास."

"पाय खळग्यात गेला, साहेब."

"मी थांबलो नसतो."

एवढंच. जीपमध्ये ते मागं बसले. आधी नेहमी पुढं, माझ्या शेजारी बसायचे. सकाळी विमानतळावर मी त्यांची बॅग उचलली तर त्यांनी ती माझ्या हातातून हळूच काढून घेतली. रागानं काढली असती तर बरं झालं असतं.

पुढच्या बातम्या डॉमनिककडून तुकड्या-तुकड्यांनी आल्या. त्याच्या हॉटेलात दर हिवाळ्याला एक फ्रेंच जोडपं येतं, त्यांना सिनेमाचा नाद. सिनेमा तिकडं चालला. एमीलसाहेबांना सहायक नटाचं मोठं बक्षीस मिळालं, जन्मातलं पहिलं. कशासाठी? तर त्या शेवटच्या चालण्यासाठी. त्यातही कशासाठी? वर्तमानपत्रांनी लिहिलं म्हणे की तो मध्येच थांबतो आणि आपल्या गेलेल्या मालकाच्या रिकाम्या जागेकडं बघतो, तिथं अभिनयाची हद्द झाली. फ्रेंच बाईंनी हे डॉमनिकला सांगताना डोळे पुसले. स्टेजवर एमीलसाहेब फक्त 'आभारी आहे' म्हणाले आणि खाली उतरले. केवढा विनय, असं सगळे म्हणाले.

मी त्या विनयाचा विचार करतो. हातात बक्षीस, समोर उभे राहून टाळ्या वाजवणारे लोक, आणि टाळ्या एका गॅरेजवाल्याचा पाय खळग्यात गेला त्याला. नाकारायचं तर खरं सांगावं लागणार. खरं सांगायचं तर त्या संध्याकाळी स्वतःच दिलेली साक्ष मोडावी लागणार. मी त्यांना असं कोंडून ठेवलं होतं. बाजारात मी लोकांना हसवत होतो तेव्हा ते तिकडं लोकांचं अभिनंदन स्वीकारत होते.

या वर्षी ते जोडपं आलं तेव्हा बातमी घेऊनच आलं. एमीलसाहेब पावसाळ्यानंतर गेले, म्हणजे आपल्याकडचा पावसाळा म्हणतो मी. बाईंनी कात्रण आणलं होतं, डॉमनिकनं ते मला गॅरेजात आणून दाखवलं. वर त्यांचं नाव, खाली दोन रकाने मजकूर, मध्ये फोटो. ओहोटीचा तळ, तांबड्याचा काळा झालेला, आणि चालत जाणारा माणूस, पाठमोरा. चाळीस वर्षांचा चेहरा होता त्यांच्याकडं, आणि छापली पाठ. तीही माझी.

डॉमनिक म्हणाला, "कासमभाई, तुम्ही सांगायचे ते खरं होतं काय?" मी कात्रणाची घडी करून त्याला परत दिलं. त्यानं माझ्याकडं असं बघितलं जसं मी आजारी आहे.

त्यानंच सिनेमाची कॅसेटही मिळवली. गेल्या गुरुवारी मगरिबच्या नमाजानंतर आमच्याकडं लावली. फ्रेंच कॅसेट आमच्या व्हीसीआरवर नीट लागत नाही, रंग आलेच नाहीत; सगळं करडं, पावसाच्या रेघांसारखं. जुबैदा, दोन्ही पोरं, डॉमनिक, आणि मी मागं भिंतीला टेकून. भाषा कुणालाच कळत नव्हती. पाच वर्षं मी या घरात सांगत आलो होतो की त्या सिनेमातला शेवटचा माणूस मी आहे. आज पुरावा समोर होता. नाझनीननं, माझ्या मुलीनं, मध्ये दोनदा विचारलं, "डॅडी, व्हेन डू यू कम?" मी म्हटलं, थांब.

बशीचा शॉट गेला. मी खाली बघितलं. मग बोट गेली, ओहोटी आली, आणि तो चालू लागला. तो थांबला, उजवीकडं वळून बघितलं, पुन्हा निघाला. जुबैदानं पदराचं टोक ओठांवर धरलं. सोळा वर्षं ती मला दारातून जाताना आणि येताना बघते आहे.

"हे तुम्ही नाय," ती म्हणाली. टोमणा नव्हता. "तुम्ही असे कधीच चाललात नाय. ह्या माणसाचं कुणीतरी गेलंय."

डॉमनिक माझ्याकडं बघत होता. त्यानं कात्रण पाहिलं होतं, त्याच्या मनात शंका होती. मी एक शब्द बोललो असतो, उठून खोलीत चार पावलं तसं चालून दाखवलं असतं, खांदा खाली घेऊन, तर जुबैदालाही पटलं असतं. पोरं टाळ्या वाजवायला तयारच बसली होती.

"छे," मी म्हणालो. "एमीलसाहेबच आहेत ते. मी आपला जीपा बघायचो."

या घरात माझ्या प्रत्येक गोष्टीला उलट प्रश्न आला आहे. मगरीला आला, ससाण्याला आला, लुंगीलाही येतो. या एका थापेला आला नाही. "तरी वाटलंच," असं म्हणून जुबैदा चहा टाकायला उठली, आणि पोरांनी कॅसेट संपायच्या आतच टीव्ही दुसऱ्या चॅनलवर नेला.